विद्यार्थी, विक्रेते आणि कुत्री

तुम्हाला सांगते, अमेरिकेत शिकून पुण्यात परतले तेव्हा वाटलं होतं, माझा तक्ता पाहून सगळे खूश होतील. शिकायला येणाऱ्या माजी सैनिकांना आमची संस्था घरभाडं देणार होती, आणि कोणत्या भागात किती भाडं लागेल याचा अंदाज मी काढला होता. कॉम्प्युटरच्या कोर्सला आलेले चाळिशीचे सुभेदार जाधव तक्ता बघून म्हणाले, "अंदाज बरोबर आहे हो मॅडम, पण खोली देतंय कोण? मालक विचारतात, काय करता? म्हटलं, शिकतो. की फाटक बंद! उद्यापर्यंत जागा मिळाली नाही, तर कोर्स सोडून गावी जातो."

"फौजेत होतात, हे सांगितलं नाही?"

"सांगितलं. म्हणाले, आता विद्यार्थीच ना? काल एका फाटकावर तर पाटीच होती, 'विद्यार्थी, विक्रेते व कुत्री यांना मनाई.' कुत्री तिसरी, आम्ही पहिले!"

मी खूप हसले आणि पत्ता विचारला. तो आमच्याच घराचा निघाला; बाबांनी परवाच लावलेल्या पाटीकडे माझं लक्षच गेलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी स्क्रूड्रायव्हर घेऊन पाटी काढायला लागले. बाबा गॅलरीतून ओरडले, "अगं, मग आता कुत्रीही येणार का?"

"त्यांचं नंतर बघू. आधी वरची खोली उघडा, सुभेदार दहाला येतायत."