वळकटी आणि चौकोनी साचे

आजच्या या निरोप समारंभाचे अध्यक्ष आणि आपल्या बेकरीचे मालक आदरणीय सुहासशेठ, व्यासपीठावर खुर्चीच्या टोकाशी संकोचून बसलेल्या सत्कारमूर्ती यशोधराबाई, त्यांच्या शेजारी आज प्रथमच इस्त्रीच्या सदऱ्यात दिसणारे त्यांचे यजमान हनुमंतभाऊ, भट्टीवरचे, पॅकिंगमधले आणि काउंटरवरचे माझे सहकारी, आंबीहून टेम्पो करून आलेली बाईंची सगळी मंडळी, आणि ज्यांना तीनदा बसा म्हणूनही जे दारातच उभे आहेत ते आपल्या शेजारचे चिक्कीवाले, या सर्वांना बद्रुद्दीनचा मनापासून नमस्कार आणि सलाम.

मला दोन शब्द बोलायला सांगितलं आहे. गेली चौतीस वर्षं मी लोणावळ्यातल्या या भट्टीसमोर उभा आहे. तिथे बोलायला कुणी नसतं, त्यामुळे माझे बरेच शब्द शिल्लक आहेत. थोडं सांभाळून घ्या.

निरोपाच्या भाषणात कौतुक करायचं असतं, हा रिवाज मला ठाऊक आहे. मीही करणार आहे. पण या बाईंचं कौतुक करताना माझ्या पोटात दुखतं. आज नाही, गेली पंधरा वर्षं दुखतंय. हसा, हसा. तुम्हाला वाटतंय म्हातारा गंमत करतोय. मला यशोधराबाईंचा हेवा वाटतो, आणि तो साधासुधा नाही.

आता नव्या मंडळींना आधीचं काही माहीत नसेल, म्हणून सांगतो. आपल्या बेकरीचं नाव झालं ते ॲपल पाय आणि चिकन पायमुळे. ते मी करतो. मैदा, गार लोणी, बर्फाचं पाणी, चिमूटभर मीठ, आणि पिठाला हात लावायचा तो लावून न लावल्यासारखा. हे माझ्या वालिदांनी मला शिकवलं. मुंबईहून बंगल्यांवर येणारे लोक गाडीतून उतरायच्या आधी काच खाली करून विचारायचे, उस्ताद, पाय निघाले का? मी मान हलवली की गाडी थांबायची. असे माझे दिवस होते.

गोल साच्यात पीठ बसवायचं म्हणजे लाटलेल्या पोळीतून गोल चकत्या कापाव्या लागतात. दोन चकत्यांच्या मधे जे उरतं ती कात्रणं. घरी करंजीच्या कडा कातल्यावर उरतात ना, तशीच. मी ती कात्रणं गोळा करायचो, कोपऱ्यातल्या डब्यात टाकायचो आणि संध्याकाळी ती कुणाच्या तरी कोंबड्यांना जायची. चौतीस वर्षांतली पहिली एकोणीस वर्षं मला त्यात काही वावगं वाटलं नाही.

यशोधराबाई तेव्हा ट्रे धुवायच्या. आंबीहून तळेगाव, तळेगावहून लोकलने इथे, आणि सकाळी सातला हात पाण्यात. एक दिवस माझ्या डब्यापाशी उभ्या राहून म्हणाल्या, "बद्रूभाई, एवढं लोण्याचं पीठ कोंबड्यास्नी घालताय व्हय? माज्याकडं द्या."

मी म्हटलं, न्या. माझं काय जात होतं?

त्यांनी काय केलं ते मी त्या दिवशी पाहिलंसुद्धा नाही. पाहिला तो परिणाम. शेजारच्या चिक्कीवाल्यांकडे तुकडे पडले की तळाशी चुरा उरतो. तो त्यांनी मागून आणला. कात्रणांवर लोण्याचा हात फिरवला, त्यावर शेंगदाण्याच्या चिक्कीचा चुरा, वर किसलेलं जायफळ. गुंडाळी केली, बोटभर जाडीचे तुकडे कापले, आणि माझे पाय निघाल्यावर भट्टी उतरत असते त्या उरलेल्या आचेत ट्रे सरकवला. गूळ वितळला, खाली जरासा करपला, आणि तो वास बेकरीच्या बाहेर रस्त्यावर गेला. एका गिऱ्हाइकाने विचारलं, याला काय म्हणतात? बाई म्हणाल्या, "वळकटी. गुंडाळल्याली दिसतीया की."

झालं. पुढचं तुम्ही जाणता. दोन सीझनमध्ये गाड्या थांबायच्या त्या वळकटीसाठी. काच खाली व्हायची आणि मला विचारायचे, उस्ताद, वळकट्या निघाल्या का? मला! माझ्याच पिठाच्या उरल्यासुरल्या तुकड्यांबद्दल, मलाच! शेठनी बाहेर पाटी लावली. वळकटी मोठ्या अक्षरांत, आणि खाली, जागा उरली म्हणून, पाय. आमच्या बेगम अजीजुन्निसा समोर बसल्या आहेत, त्यांना विचारा. ईदला पाहुणे येणार म्हणून मी घरी दोन डझन चिकन पाय न्यायला निघालो, तर म्हणतात, ते राहू दे, बाईंच्या वळकट्या आणा. तेहतीस वर्षांचा संसार, आणि हे ऐकावं लागलं. माझ्या जिवाचा तिळपापड झाला होता. त्या ईदला मी शिरखुर्माही नीट खाल्ला नाही.

मी चोरूनही करून पाहिल्या. हो, सांगून टाकतो. बाईंच्या सुटीच्या दिवशी मी कात्रणं घेतली, छान मळली, गोळा केला, लाटला. भाजून निघालं ते चपलेचं कातडं. पुढे रॅकच्या आडून पाहिलं तेव्हा कळलं, त्या कात्रणं मळतच नाहीत. एकावर एक रचतात, ओल्या फडक्याखाली गार जागी ठेवतात आणि वरून नुसतं लाटणं दाबतात. थर थरावर राहतो, म्हणून ते फुलतं. पीठ मळू नये हे मी चौतीस वर्षं पोरांना ओरडून सांगत आलो, आणि उरलेलं पीठ पाहिल्यावर माझाच हात मळायला शिवशिवला. ते मला सुचलं नाही. ट्रे धुणाऱ्या बाईला सुचलं. याचा राग मला कुणावर काढावा ते कळेना.

शेठ, तुम्ही पाण्याचा ग्लास पुढे केलात, आभारी आहे. पण आता जे बोलायचं आहे त्याला घसा कोरडाच बरा.

आत्ता माझ्याआधी शेठ बोलले. फार सुंदर बोलले. शेवटी गमतीने म्हणाले, एकोणीस वर्षांत यशोधराबाईंच्या हातून एकच चूक झाली, त्या तुंगार्लीच्या ऑर्डरची, आणि तीही आम्ही केव्हाच माफ केली. सगळा हॉल हसला. बाईही पदर तोंडाला लावून हसल्या. पहिल्या रांगेत त्यांची नात सृष्टी बसली आहे, ती मात्र हसली नाही. ती आजीकडे बघत राहिली. मी इथे यायला उठलो तेव्हा खिशात लिहून आणलेलं एक चांगलं भाषण होतं. ते खिशातच आहे.

तुंगार्लीच्या ऑर्डरचं मी सांगतो, कारण मी तिथे होतो आणि शेठ नव्हते.

आठ वर्षांपूर्वी मी शेठना सुचवलं की गोल साचे जुने झाले, आता चौकोनी घेऊ. ट्रेमध्ये जास्त बसतात, दिसतात आधुनिक. शेठनी विश्वासाने हो म्हटलं. मी स्वतः पुण्याला जाऊन साठ साचे आणले. का आणले? चौकोनी तुकडे कडेला कड लावून कापले की मधे काही उरत नाही. एक कात्रणही नाही. कात्रण नाही तर वळकटी नाही. एवढ्यासाठी. साठ साचे मी एका बाईच्या हातातलं उरलंसुरलं पीठ काढून घ्यायला आणले.

पहिल्या दिवशी बाई रिकामा डबा घेऊन माझ्यासमोर उभ्या राहिल्या. मी म्हटलं, आज काही उरलं नाही. माझ्या मनाला इतकं बरं वाटलं की ते आठवून मला आजही लाज वाटते.

त्याच आठवड्यात तुंगार्लीच्या एका बंगल्यावरून साखरपुड्याची ऑर्डर होती, चाळीस ॲपल पाय. चौकोनी साच्याच्या कोपऱ्यात पीठ दुमडतं, तिथे ते दुप्पट जाड होतं, कच्चं राहतं आणि चिकटून बसतं. चाळीसपैकी एकतीस पाय काढताना कोपऱ्यात फुटले. शनिवार, बाहेर रांग, बंगल्यावरून फोनवर फोन. शेठ धावत आत आले, म्हणाले, उस्ताद, हे काय? साच्यांना आतून लोणी लावायचं काम बाईंचं होतं. मी भट्टीकडे तोंड करून म्हणालो, बाईंनी लोणी नीट लावलं नाही.

इतकंच वाक्य. ते बोलायला मला काहीच वेळ लागला नाही.

शेठ सगळ्यांसमोर बाईंना बोलले. शेठ, तुमचा दोष नाही, तुम्ही उस्तादाचं ऐकलंत. बाईंना भट्टीच्या खोलीतून काढून पॅकिंगला बसवलं. तीन महिने. दुसऱ्या दिवशी सकाळी त्या ॲप्रन परत द्यायला माझ्याकडे आल्या आणि हळूच म्हणाल्या, "बद्रूभाई, कोपऱ्यात पीठ दुमडतंय. तितं कितीबी लोनी लावलं तरी सुटनार न्हाई." म्हणजे त्यांना सगळं कळलं होतं. साचेही कळले होते आणि मीही. मी विचारलं, मग शेठना का नाही सांगितलंत? म्हणाल्या, "सांगून कोन ऐकनार हुतं? तुमी उस्ताद. मी ट्रे धुनारी."

मी काय उत्तर दिलं? म्हटलं, उशीर होतोय, पॅकिंगला जा.

पुढे गिऱ्हाइकं वळकटी मागून मागून थकली, दिवाळीच्या आधी गोल साचे परत आले, बाईही परत आल्या. चौकोनी साचे माळ्यावर गेले. पण ती चूक बाईंच्या नावावर राहिली. नवीन माणूस कामाला लागला की आपण त्याला हसत हसत ती गोष्ट सांगतो, बाबा, लोणी नीट लाव, नाहीतर यशोधराबाईंसारखं होईल. मीही सांगितली आहे. त्यांच्यासमोर सांगितली आहे.

बाई, तुम्ही मघापासून हाताने मला खाली बसा म्हणताय. मला दिसतंय. हनुमंतभाऊ, तुम्ही उठलात, तुम्हाला जे बोलायचं असेल ते खाली उतरल्यावर मला बोला, मी तिथेच उभा राहीन. पण आज बसलो तर उद्या बाई इथे नसतील, आणि त्यांची नात आजीची ती एक चूक बरोबर घेऊन आंबीला जाईल. ते मला चालणार नाही.

सृष्टी बेटा, ऐक. तुझ्या आजीने साच्यांना लोणी अगदी बरोबर लावलं होतं. चूक साच्यांची होती, ते मी आणले होते, का आणले तेही तू ऐकलंस.

शेठ, तुम्ही मला उद्या भट्टीवर ठेवायचं की नाही ते ठरवा, मी वाद घालणार नाही. एक मात्र विनंती आहे. बाईंना मानपत्र द्याल तेव्हा त्या चुकीचा शब्दही नको, माफीचा तर अजिबात नको. जे त्यांनी केलंच नाही ते माफ करायचा अधिकार आपल्यापैकी कुणाला आहे?

तुम्ही सगळ्यांनी एवढा वेळ शांतपणे ऐकून घेतलंत, शेठनी मला माईक दिला, आणि काढून घेतला नाही, आंबीच्या मंडळींनी दूरवरून येऊन आमच्या कार्यक्रमाची शोभा वाढवली, या सगळ्यांचे मी आभार मानतो. माझं शिक्षण सातवीपर्यंतचं, बोलताना काही कमीजास्त झालं असेल, कुणाचं नाव घ्यायचं राहिलं असेल, तर ते पोटात घाला. साच्यांचं मात्र घालू नका.

यशोधराबाई, एकोणीस वर्षांत तुमच्या हातून एकही चूक झालेली नाही. आणि खरं सांगू? याचाही मला हेवाच वाटतो.