चाफ्यावरचा केशरी

(हमरापूर. अंगणातल्या चाफ्याची पानं रोह्याहून आलेली नणंद उलटून बघते.)

नमिता : शी! हा कसला गो केशरी चुरा? बोटं भरली.

प्रणिता : हात नका लावू वन्सं. शेजारचा तो दत्तात्रेय स्प्रेनं गणपती रंगवतो ना, त्याची घाण.

नमिता : रंग? पानाच्या वर नुसते पिवळे डाग. चुरा सगळा खालनं. रंग काय जमिनीतनं उडतो?

प्रणिता : मग?

नमिता : तांबेरा हाय. बुरशी.

प्रणिता : ई! जिवंत हाय हे? रोज ओल्या फडक्यानं पुसते मी, पान न पान.

नमिता : एकाच फडक्यानं?

प्रणिता : मग काय, पानागणिक पंचा देऊ?

नमिता : अगो, ही भुकटी म्हणजे त्याचं बी. वाऱ्यानं उडतं, ओल्या पानावर रुजतं. पाऊस कमी पडला म्हणून की काय, तू ओलं फडकं फिरवलंस.

प्रणिता : शी शी! पदराला हात पुसलेत मी. पण वन्सं, तुम्हाला कसं म्हायत?

नमिता : माझ्या चाफ्याला गेल्या पावसात झालेला.

प्रणिता : आणि त्याचीच फांदी मला आणून दिलीत? पानांसकट?

नमिता : वाटलं, गेला रोग. चुकलंच माझं. ही पानं तोडून जाळ. आणि त्या दत्तात्रेयला सांग, रंग नव्हता म्हणून.

प्रणिता : कुठल्या तोंडानं? आळीत उभं करून बोलले मी. 'रंगाऱ्या, माझ्या दारावर थुंकतोस' म्हटलं.

नमिता : तो काय म्हणाला?

प्रणिता : माझ्या हातातनं फडकं घेतलं, उरलेली पानं पुसून दिली. मग तेच फडकं नेऊन आपल्या दारचा चाफा पुसला.

नमिता : अरे देवा. त्यालापण लागला असणार.

प्रणिता : केशरी झालाय नुसता. दत्तात्रेय भावजींना वाटतं, आपलाच रंग. मशीन बंद करून ठेवलंय. बायकोला, मंगळीला घेऊन हातानं ब्रश मारतायत.

नमिता : आता? गणपती तोंडावर आलेत! ऑर्डरी कशा पुऱ्या व्हायच्या?

प्रणिता : नाय व्हायच्या.

नमिता : ऊठ. मी येते संगती. आत्ताच्या आत्ता सांगू.

प्रणिता : चला. काल भिंतीवरनं वाकून विचारत होते, "वैनी, आज रंग कमी बसलाय ना?"