‘अर्जदार मयत’ या शेऱ्याबाबत

मी मंगळी संजू मुकणे, वय अंदाजे ३२ वर्षे, धंदा मजुरी व हंगामात वीटभट्टी, जात कातकरी, राहणार कातकरीवाडी, ता. मुरबाड, जि. ठाणे. आज दि. ११/०८/२०२५ रोजी सकाळी ११ वाजता स्वतः पोलीस ठाण्यात येऊन जबाब देते की,

मार्च २०१९ मध्ये आम्ही भट्टीवरून टेम्पोने होळीसाठी घरी येत होतो. शहापूर रस्त्यावर डंपरने टेम्पोस धडक दिली. माझे पती संजू जागीच मयत झाले. मुलगी रंजना तेव्हा चार वर्षांची होती. तिचा उजवा पाय चाकाखाली आला. वकिलांनी आमचा भरपाईचा दावा कोर्टात लावला. मी कागदांवर अंगठे दिले. पुढे काय झाले ते मला कोणी सांगितले नाही व मीही विचारले नाही.

पती गेल्यावर मी भट्टीवर परत गेले नाही. आगाऊ पैसे घेऊन हंगाम अर्धा सोडला म्हणून भट्टीवाल्याची माणसे कागद घेऊन मला न्यायला येत. आमच्या वाडीत कोणी कागद घेऊन आला की तो ज्याचे नाव विचारील तो माणूस वाडीत नसतो. कामाला गेली असे सांगितले तर माणूस पुन्हा येतो. मेली सांगितले तर येत नाही.

ऑगस्ट २०२३ मध्ये दुपारी मी दारात खेकडे साफ करत होते. शेजारी माझा चुलत दीर वाळू मुकणे बसला होता. पांढऱ्या शर्टातील एक इसम फाईल घेऊन आले व म्हणाले, “मंगळी संजू मुकणे कुठं राहते?”

मी म्हणाले, “ती मेली. पावसाच्या आधीच मेली. तापानं.”

वाळू म्हणाला, “हा साहेब, आमीच पुरली.”

त्यांनी विचारले, “तिची एक मुलगी होती ना, पाय अधू झालेली?”

मी म्हणाले, “ती मामानं नेली, लांब.” रंजना माझ्या मागे घरातच होती. तिने ऐकले.

ते इसम कोर्टाचे बेलीफ होते. माणूस चांगला होता. पाणी प्यायले, “बिचारी” म्हणाले, कागद लिहिला व माझे नाव विचारले. मी गोजर सांगितले. त्या कागदावर साक्षीदार म्हणून मी डावा अंगठा दिला. ते गेल्यावर मी व वाळू पोट दुखेपर्यंत हसलो. त्या हसण्याची मला आज लाज वाटते.

गेल्या महिन्यात डॉक्टरांनी सांगितले की रंजनाच्या पायाचे ऑपरेशन ती बारा वर्षांची व्हायच्या आत करावे, नंतर हाड सरळ होणार नाही. ती आता दहा वर्षांची आहे. तालुक्याच्या शिबिरात कायदेशीर मदतीचे काम करणाऱ्या संजीवनीताईंनी माझा दावा शोधला. निकाल २०२२ सालीच लागला होता. आम्हा दोघींचे सहा लाख ऐंशी हजार रुपये कोर्टात जमा आहेत. बेलीफ तेच सांगायला मला शोधत आले होते. दाव्याच्या कागदावर आता ‘अर्जदार मयत, मुलीचा ठावठिकाणा नाही’ असा शेरा आहे.

तो शेरा काढण्यासाठी मी जिवंत असल्याचा जबाब द्यायला आज येथे आले व आधारकार्ड दाखवले. हवालदार साहेब म्हणाले, “कार्ड तर मेल्यावरपण राहतं.” ओळख पटवायला माणूस आणा म्हणाले. वाळू मुरबाड स्टँडपर्यंत आला होता. “पोलीस ठाण्यात मी येत नाय गो,” म्हणाला व परतीच्या गाडीत बसला. माझा त्याच्यावर राग नाही. मीही आले नसते.

बेलीफच्या कागदावर गोजर नावाने केलेला अंगठा माझा आहे. दाव्याच्या अर्जावर मंगळी नावाने केलेला अंगठाही माझाच आहे. दोन्ही ताडून पाहावेत. त्यावर साहेब म्हणाले, “बाई, स्वतःच्या मरणाला तूच साक्षीदार झालीस. खोटं सांगितलं म्हणून तुझ्यावर केस होईल, समजतं का?”

मी म्हणाले, “करा केस. पण केसवर नाव मंगळी संजू मुकणे लिवा. मेलेल्या बाईवर केस होत नाय, येवढं मला कळतं.”

वरील मजकूर हवालदारांनी मला सावकाश वाचून दाखवला. मी बोलले तसाच तो लिहिला आहे.

डाव्या हाताचा अंगठा, मंगळी संजू मुकणे हिचा.