फुटलेला एक

...आणि वर म्हणतात कसे, "छान झालंय हो जावईबापू, पण..." पण! आता मला सांगा, या 'पण'वर कुठल्या दुकानात औषध मिळतं? चार तास मी ओट्याशी उभा, पाठीचे टाके ढिले झालेले, भुवयांपर्यंत मैदा, आणि सासरेबुवा खुर्चीतून न उठता एक घास खाणार, मान डोलावणार आणि ताट सरकवणार... "छान झालंय, पण..."

माणूस वाईट नाही हो, तुम्हाला सांगतो, देवमाणूस! मूळचे अरब, जहाजावर स्वयंपाकी. सासूबाई पोलंडच्या, इस्पितळात नर्स. हे पाय मोडून त्यांच्या वॉर्डात पडले आणि तिथल्या सुपाला नावं ठेवायला लागले, तेव्हा त्यांनी घरून पिएरोगी करून आणले. म्हणजे काय, तर मैद्याची पारी, आत बटाटा आणि चक्का, दुमडायचं, काठाला मुरड घालायची, उकळत्या पाण्यात सोडायचं. यांनी खाल्ला आणि काय म्हणावं? "बाई, यात सारण घालायला विसरलात!" झालं! लग्न झालं तरी भांडण मिटेना. "बटाटा!" "खिमा!" "मिरी बस झाली!" "दालचिनीशिवाय माणूस जेवतो तरी कसा!" शेवटी तह ठरला, पारी सासूबाईंच्या आईची, सारण यांच्या आईचं. खिमा, दालचिनी, पुदिना, सासूबाईंच्या समाधानाला मूठभर बटाटा, वर त्यांचा लोण्यात परतलेला कांदा, त्यावर यांचं लसूण घातलेलं दही आणि सुमाक नावाची ती आंबट लाल पूड. दोन्हीकडच्या नातेवाइकांनी नाकं मुरडली, आणि दोन्हीकडच्यांनी ताटं चाटूनपुसून ठेवली!

काय ते रविवार होते हो! खिडकीच्या काचा वाफेनं पांढऱ्या, सासूबाई झारा घेऊन शेगडीशी, सासरेबुवा त्यांना खेटून उभे, अखंड तोंड चालू, "मीठ बघ, आच बघ," आणि त्या, "तुम्ही आधी बाजूला व्हा बघू!" आणि हे काही बाजूला व्हायचे नाहीत. मी तेव्हा नवा जावई. मला वाटायचं, काय हा लोचटपणा!

मागच्या थंडीत सासूबाई गेल्या. सासरेबुवा खुर्चीत बसले ते बसलेच. चहा आणि अर्धा पाव, अर्धा पाव आणि चहा... मी शिंपी आहे, तुम्हाला सांगतो, माणूस किती खंगला ते मला डॉक्टरच्या आधी कळतं. चार महिन्यांत त्यांच्या पँटची कंबर मी तीनदा आत घेतली. तिसऱ्यांदा घेतली आणि सुई बाजूला ठेवली. बायकोला म्हटलं, "पिएरोगी करू या." ती बिचारी पीठ मळायला घ्यायची आणि रडायलाच लागायची. म्हणून मी! तीस वर्षं सुई धरलीय, मुरड म्हणजे काय अवघड? अशी घातली, अशी घातली की एक फुटेल तर शपथ! आणि उत्तर काय? "छान झालंय, पण..." दालचिनी कमी केली. "पण..." सुमाक वाढवला. "पण..." अहो, पण काय? "तेच कळत नाही हो जावईबापू."

मग एक रविवार असा उजाडला. मी शेवटच्या पिएरोग्याच्या काठाला हात घालतोय आणि फोन! गिऱ्हाईक. "मास्तर, कोटाची डावी बाही लांब की माझा डावा हात आखूड?" आता एवढ्या प्रश्नात माणसाचं लक्ष राहील? तो अर्धवट मुरडीचाच पाण्यात गेला, आणि फुटला! सारण बाहेर, पाणी गढूळ, आणि शिंप्याच्या घरात शिवण उसवलेली... मी झाऱ्यानं लपवून तो बादलीकडे नेतोय, तेवढ्यात मागे खुर्ची सरकली.

सासरेबुवा! हातात चमचा! येऊन मला खेटून उभे. "फेकताय? फुटलेला माझा असतो."

"अहो, खराब झालाय तो."

"घरचा नियम आहे. फुटलेला त्याचा, जो शेगडीशी उभा असेल."

झाऱ्यावरूनच खाल्ला, फुंकर मारत, गरम पाण्यासकट. डोळे मिटले. म्हणाले, "दर घाण्याला एक फुटायचा. नेमका एक. मी म्हणायचो, बाई, हात बिघडला तुझा. ती म्हणायची, हो ना, वय झालं. पंचविसाव्या वर्षी! कसलं वय हो? तिला वाटायचं, मला कळत नाही."

मला रडू आलं, उगाच खोटं कशाला सांगू? आणि त्यांनी उभ्याउभ्या चौदा खाल्ले. एकदाही 'पण' नाही!

आता मी काय करतो? तीस वर्षांत ज्याची शिवण उसवली नाही तो मी, दर घाण्याला एक मुद्दाम उसवलेला ठेवतो! बरं, एकावर भागतंय? बायको चमचा घेऊन हजर, "अहो, माझा कुठाय?" लेक हजर, "बाबा, माझा नीट फोडा हं!" तीन चमचे मला खेटून उभे, "मीठ बघा, आच बघा..." सासरेबुवांची कंबर तीनदा सोडून झाली, चौथ्यांदा सोडायला आत कापड शिल्लक नाही! मग सगळ्यांची पोटं भरली की उरलेले घेऊन टेबलाशी बसतो कोण? मी! अख्ख्या घरात ताटात वाढून घेऊन धडधाकट पिएरोगी खाणारा मी एकटा...

छान होतात हो. छानच होतात. पण...