बाईंनी वगळलेल्या ओळी

या सभेचे अध्यक्ष आणि आमच्या कोशमंडळाचे प्रमुख, व्यासपीठावर बसलेले आमचे प्रकाशक आणि ग्रंथपालबाई, जिच्या मागे लागून लागून आम्ही हा निवृत्तीचा समारंभ पदरात पाडून घेतला ती आजची उत्सवमूर्ती म्हणजे आमच्या बाई, पहिल्या रांगेत खिडकीकडेची खुर्ची हट्टाने मागून घेतलेले त्यांचे वडील कप्तान, आणि चहा निवण्याआधी मी आटोपतं घ्यावं असं मनोमन म्हणणाऱ्या माझ्या सहकाऱ्यांनो,

बाईंविषयी बोलायला मला उभं केलं, याला एकच कारण आहे. त्यांच्या समोरच्या टेबलावर मी इतकी वर्षं बसलो की त्यांच्या चष्म्यात मला माझाच कॉम्प्युटर उलटा दिसायचा. त्या कोशाच्या संपादक आणि मी उपसंपादक, म्हणून मला सगळे 'धाकटे' म्हणतात. माझे केस पांढरे झाले तरी मी धाकटाच राहिलो, आणि त्याबद्दल माझी तक्रार नाही.

पाहुण्यांसाठी आमचं काम थोडक्यात सांगतो. आम्ही इंग्रजी-मराठी कोश करतो. पूर्वी हे काम कसं चालायचं? एक विद्वान गृहस्थ छताकडे बघत बसायचे, आणि शब्दाचा अर्थ छतावरून खाली उतरायचा. बाई आल्या आणि त्यांनी आमच्या माना खाली केल्या. वर्तमानपत्रं, कादंबऱ्या, कोर्टाचे निकाल, केक कसा करावा, गुडघा दुखल्यास काय करावं, औषधाच्या खोक्यातला तो बारीक अक्षरांचा कागद, असं माणसांनी खरोखर लिहिलेलं इंग्रजी त्यांनी कॉम्प्युटरात साठवायला घेतलं. आता एखादा शब्द विचारा, तो जिथे जिथे आलाय तिथली एकेक ओळ पडद्यावर उतरते. शब्द मधोमध, एकाखाली एक. दोन्हीकडची वाक्यं मात्र कडेला कापलेली.

या कापलेल्या ओळी वाचण्यात दुपारी कशा निघून जायच्या, हे कसं सांगू? कोणीतरी खिडकीपाशी उभं आहे, का ते कळत नाही. कोणीतरी म्हणतंय, मी परत येईन पण, आणि तिथे कड येते. खोलीत मशीनची घरघर, पडद्यावरून सावकाश वर सरकणारी अनोळखी माणसं, आणि समोर बाई, हनुवटीवर हात, डोळे अर्धवट मिटलेले. नवीन माणसाला वाटायचं, बाईंना डुलकी लागलीय. मग त्या तशाच अवस्थेत म्हणायच्या, "धाकटे, 'हॅपन' बघा. चांगली गोष्ट कधी 'हॅपन' होताना दिसतेय का? मला तर अपघातच दिसतायत." मी बघायचो, आणि खरंच, आमच्या संग्रहात पानंच्या पानं नुसते अपघात आणि भांडणं. शब्दाचा अर्थ त्याच्या आजूबाजूला उभ्या असलेल्या शब्दांना विचारायचा, हे मी तिथे शिकलो.

कोणी वाद घातला की बाईंचं एकच उत्तर असे: "ओळ दाखवा." व्यासपीठावरचे प्रकाशकही यातून सुटलेले नाहीत. ते एकदा म्हणाले, हा शब्द माझे आजोबा रोज वापरायचे. बाई म्हणाल्या, आजोबांची ओळ दाखवा. ते आज हसतायत, तेव्हा हसले नव्हते.

आता मी कप्तानांकडे वळतो. त्यांची परवानगी मी घेतली आहे. अट एवढीच, की त्यांना म्हातारा म्हणायचं नाही.

कप्तानांनी उभं आयुष्य खाडीच्या या काठावरून त्या काठावर फेरीबोट नेली. चांदण्या रात्री ते भोंग्यावरून उतारूंना सांगायचे, डावीकडे बघा, मूनग्लेड. म्हणजे पाण्यावर पडलेली चंद्राच्या उजेडाची वाट. हा इंग्रजी शब्द ते पोरवयात एका परक्या जहाजावर शिकले होते. आमच्या जुन्या कोशात तो होता. नव्या आवृत्तीसाठी बाईंनी तो संग्रहात शोधला, तर एकही ओळ नाही. ज्याला ओळ नाही त्याला जागा नाही, हा बाईंचाच नियम. जेवताना त्यांनी सहज वडिलांना सांगितलं, बाबा, तुमचा शब्द या खेपेला गळणार.

त्यांनी सांगितलं सहज, पण ऐकणाऱ्याला ते सहज नव्हतं. त्याच सुमारास कप्तानांची नजर गेली होती. उजेड आणि अंधार एवढंच कळायचं. पुढे ते मला म्हणाले, "धाकटे, ती वाट आता मला दिसणार नाही. वस्तू गेली ती गेली. निदान शब्द तरी कुठेतरी छापलेला असू दे की."

तर पुढे काय झालं? आमच्या संग्रहात इथल्या इंग्रजी दैनिकाचे अंक आपोआप भरले जातात. काही महिन्यांनी मी सगळे गळणारे शब्द शेवटचे तपासायला घेतले, आणि मूनग्लेडला चक्क ओळी. मी खुर्चीत सरळ बसलो. वाचकांच्या पत्रव्यवहारात एका दातांच्या डॉक्टरांनी लिहिलं होतं की निरोगी दात मूनग्लेडसारखे असावेत. पोहण्याच्या शिक्षकांनी तलावातल्या शेवाळाची तक्रार करता करता मूनग्लेड आणला होता. एका बेकरीवाल्यांनी तर पावाचे भाव आणि मूनग्लेड यांची सांगड घातली होती. ती कशी, हे मला अजून समजलेलं नाही.

मला आनंद झाला, खोटं कशाला बोलू. पण इतकी वर्षं बाईंच्या समोर बसल्याचा परिणाम, नजर आपोआप शब्दाच्या उजवीकडे गेली. प्रत्येक ओळीत मूनग्लेडच्या पुढे तेच शब्द: 'थेट तुमच्या पायाशी येणारा'. डॉक्टर, शिक्षक, बेकरीवाले, तिघांचंही तेच. तीन वेगळी माणसं एका शब्दाभोवती सारखीच वाक्यं विणत नाहीत. बोलणारा एकच होता, पेनं तेवढी वेगळी.

मी पडदा बाईंकडे वळवला. बाईंनी एकदाच वाचलं. "हे बाबांचं भोंग्यावरचं वाक्य आहे," त्या म्हणाल्या. "तिघंही त्यांच्या बोटीचे रोजचे उतारू." आणि त्यांनी स्वतःच्या हाताने त्या ओळी संग्रहातून वगळल्या.

मला त्यांचा राग आला. मी म्हटलंसुद्धा, "बाई, राहू द्या की. कोणाचं काय बिघडतंय? आंधळ्या माणसाचा एक शब्द."

त्या म्हणाल्या, "आज वडिलांसाठी पेरलेला शब्द ठेवला, तर उद्या कोणाला कुठल्या तोंडाने ओळ मागू?" त्यांचा आवाज नेहमीसारखा नव्हता. मग म्हणाल्या, "संध्याकाळी चला माझ्याबरोबर घरी. मला एकटीला सांगवणार नाही."

त्यांचं घर खाडीच्या वर, चढावर. गच्चीला लांब कठडा. आम्ही पोचलो तेव्हा दिवे लागत होते आणि कप्तान वेताच्या खुर्चीत बसून रेडिओ पुसत होते. बाईंनी आडपडदा न ठेवता सांगून टाकलं.

"बाबा, मी त्या ओळी काढल्या."

कप्तान पुसतच राहिले. "तूच म्हणाली होतीस ना, चार माणसांनी वापरला की शब्द जिवंत?"

"आपणहून वापरला तर, बाबा. कोणी मागितला म्हणून नाही."

"आणि मी मागितला."

"हो."

"दातवाल्याला मी सांगितलं होतं, जरा सांभाळून लिही," कप्तान म्हणाले. "त्यानेच घात केला." मग त्यांनी रेडिओ खाली ठेवला आणि मुलीच्या डोक्यावर हात ठेवायला गेले. तो आधी तिच्या कानावर पडला, मग केसांवर. "बरोबर केलंस. माझ्या बोटीवर फुकट्याला मी कधी घेतलं नाही, मग तू का घ्यावंस?" हे ते हसत म्हणाले, पण वाईट त्यांना वाटलंच होतं. ते लपवण्याइतके ते पटाईत नाहीत.

खाली पाणी हळूहळू काळं होत गेलं. मग कप्तानांनी विचारलं, "चंद्र आला का गं वर?"

"आलाय."

"काय दिसतंय?"

बाई कठड्यापाशी गेल्या. इतकी वर्षं शब्दांचे अर्थ लिहिणारी ही बाई कितीतरी वेळ नुसती बघत राहिली. "उजेडाची पट्टी आहे, बाबा. पलीकडच्या धक्क्यापासून निघालीय. मध्ये मोडते, परत जुळते."

"कुठपर्यंत येते?"

"माझ्यापर्यंत."

"धाकटे, तुम्ही त्या टोकाला जा. तुमच्याकडे कुठपर्यंत येते?"

मी गच्चीच्या दुसऱ्या टोकाला गेलो. आणि मंडळी, ती माझ्यापर्यंत येत होती. मी चालत मागे आलो, तर माझ्याबरोबर तीही आली. मी तसं सांगितलं.

कप्तान समाधानाने खुर्चीत मागे टेकले. "म्हणजे मला दिसत नसली, तरी माझ्या पायाशीही आलेली असणार," ते म्हणाले. आणि त्यांनी पाय थोडे पुढे केले.

मला तेव्हा रडू आलं. बाईंना आलं की नाही, ते त्या पाठमोऱ्या असल्यामुळे सांगता येत नाही.

कोश छापून झाला. त्याची देखणी प्रत इथे टेबलावर आहे. त्यात मूनग्लेड नाही. आमच्याकडून तो वाचवला गेला नाही, आणि त्याची रुखरुख मला आजही आहे.

पण त्या संध्याकाळची एक गोष्ट माझ्या फार उशिरा ध्यानात आली. एवढं सगळं वर्णन करताना बाईंनी तो शब्द एकदाही उच्चारला नव्हता. त्याआधी नाही, त्यानंतरही नाही. का? आमच्या विभागात एक कलम आहे. शब्दांवर काम करणाऱ्या माणसाचं स्वतःचं लिखाण संग्रहात घेतलं जात नाही. मोजणाऱ्यानेच शब्द वापरून मोजले, तर त्या मोजणीला अर्थ काय? आपण सगळे हे कलम कचेरीत पाळतो आणि पायऱ्या उतरलो की विसरतो. बाईंनी ते वडिलांच्या गच्चीपर्यंत पाळलं. ज्या माणसाला तो शब्द ऐकायची सगळ्यात जास्त आस होती, त्याच्यासमोर त्यांनी तो ओठांवर येऊ दिला नाही. याला काय म्हणावं? मला यासाठी शब्द सापडत नाही, आणि ओळही दाखवता येणार नाही.

आज संध्याकाळी कचेरी बंद होईल तेव्हा बाई आमच्या विभागात नसतील. म्हणजे उद्या सकाळपासून त्या कलमातून त्या सुटल्या. उद्यापासून त्या इतरांसारख्याच एक इंग्रजी लिहिणाऱ्या व्यक्ती. त्या दैनिकात खाडीवर काही लिहिणार आहेत, असं कानावर आलंय. ते छापून आलं की आपोआप आमच्या संग्रहात जमा होईल, आणि त्यातली प्रत्येक ओळ चोख असेल.

त्यांनी काय लिहावं, याबद्दल मी अवाक्षर काढणार नाही. मागितलं तर ओळ बाद होते. कप्तान, तुम्हीही काही बोलू नका. केवळ माहितीसाठी सांगतो, की पुढच्या वर्षी मीही निवृत्त होतोय आणि त्या कलमातून सुटतोय.

अध्यक्षांनी मला घड्याळ न दाखवता बोलू दिलं, त्यांचा मी ऋणी आहे. आपण सर्वांनी शांतपणे ऐकलंत, तुमचेही आभार. बोलण्याच्या भरात काही कमीजास्त झालं असेल तर पोटात घाला. आणि बाई, माझ्या भाषणात तुम्हाला कुठे काही सुचवल्यासारखं वाटलं असेल, तर तेवढ्या ओळी कृपा करून वगळा.