काहून हासता?

मी बाळापूरची. माय भाजी इके, मीबी भाजीच इकते. आता तुमी माहं बोलनं लिहून घेऊन राहिले, लिवा बाप्पा, पन आधी सांगा, काहून? नाई, इचारलेलं बरं, आमच्या धंद्यात कोनी गोड बोललं की समजावं, कुठीतरी पानी मुरून राहिलं.

तं काय सांगू तुमाले, अमरावतीचा एक पोट्टा येऊन उभा, डायरेक्टर म्हने. वांगे घेईना, नुसता माह्या तोंडाकडं पाहे. म्हने काकू, पिच्चरमधी काम करान का, हासाचं नाई, रडाचं नाई, असंच पाहाचं अन् काहून म्हनाचं. मी म्हनलं, काहून? तं तो पोट धरून खालीच बसला!

मंग चार पिच्चर झाले, बारके बारके, लोकं मोबाईलवर पाहतेत. सरपंच येते, साधू येते, जावाई येते, अन् मी वांगे निवडता निवडता इचारते, काहून? बस, एवढंच माहं काम.

माही पोरगी वंदना पुन्यात असते. लग्नानंतर माय म्हनाचं सोडलं तिनं, आई म्हने. तिचा फोन आला, आई, लोक तुझ्या कामाला नाही, तुझ्या बोलण्याला हसतात, माझ्या सासरचेही हसतात, बंद कर ते. मी नाई म्हनली. तं तिनं फोन करनंच बंद केलं. जीव तुटे माहा, खोटं काहून बोलू. अन् पोरीचं खरं असन तं?

अकोल्यात मोठ्या पडद्यावर पिच्चर लावला, तवा मी तोंडाले पदर बांधून मांगं बसली, पाहूच म्हनलं कोनाले हासतेत. बाजूची बाई तं पडद्यावर मी तोंड उघडाच्या आंधीच खिदळे. धरला तिचा हात, काहून हासता वं बाई? तिनं वयखलं नाई मले. म्हने माही माय अशीच बोले वं, सेम अशीच, अन् डोये पुसले तिनं. मी तिच्यावरबी लगेच इस्वास नाई ठेवला.

परवा वंदनाचा फोन. म्हने तुह्या नातवाले जेव म्हनलं, तं तो तुह्यावानी थोबाड करून म्हने, काहून? मंग म्हने, माय, कशी आहेस वं? मले तुही लय याद येऊन राहिली.

माय म्हनली ते. मले शंका आलीच. म्हनलं, काहून वं? काय पाह्यजे तुले?

ते हासली, मंग रडाले लागली. सुखात राय म्हनलं बाई. अन् मीबी हासली, मोठ्यानं हासली. हे लिवू नका बरं, डायरेक्टर कामावून काढन.