जेलीचा स्लॅब

नाही पण मला एक सांगा, मी त्या अननसाचं काय घोडं मारलं होतं? काय घोडं मारलं होतं, सांगा ना! चांगला पिकलेला, पिवळाधमक, घरभर वास सुटलेला, दुकानदाराने स्वतः निवडून दिलेला, मी स्वतः सोललेला, त्याचे डोळे काढता काढता अंगठा कापून घेतलेला, रस गाळून घेतलेला... आणि तीन तास फ्रीजमध्ये ठेवून बाहेर काढतो तर काय? सरबत! ट्रे डावीकडे कलता केला की सरबत डावीकडे, उजवीकडे केला की उजवीकडे! अहो, तुम्हाला सांगतो, चाळीस वर्षं काँक्रीट ओतलंय मी! पुलाचे खांब ओतलेत, पाण्याच्या टाक्या ओतल्यात, भर पावसात ताडपत्री धरून जिने ओतलेत. एक जिना कधी मला म्हणाला नाही की जा, मी नाही घट्ट होत. आणि हा अर्धा लिटर अननस मला माज दाखवतो!

थांबा, मधूनच सांगितलं तर तुम्हाला वाटेल म्हाताऱ्याला जेलीचे डोहाळे लागले. तर झालं असं, की डोहाळे होते मुलीचे. दुसरं बाळंतपण. ती दवाखान्यात, आमची ही तिच्या उशाशी, जावई जहाजावर, म्हणजे कुठल्या समुद्रात ते त्यालाही धड माहीत नाही. मग पाच वर्षांच्या नातीला तीन दिवस सांभाळणार कोण? आणि तेव्हा, का कुणास ठाऊक, मी म्हणालो, "मी सांभाळतो." ही माझ्याकडे अशी बघायला लागली, जसा काही मी विमान चालवायला निघालो होतो. "तुम्ही? अहो, तुम्हाला स्वतःचा टॉवेल सापडत नाही!"

आता टॉवेलचं राहू द्या. तुम्हाला खरं सांगू? मुलगी लहान होती तेव्हा मी सगळा वेळ साइटवर. ती पहिलं पाऊल टाकत होती तेव्हा मी कुठला तरी पाया टाकत होतो. ती शाळेत गेली, तिचे दात पडले, नवे आले, सगळं मला रविवारी कळायचं. हे मनात सलतं हो. म्हातारपणी जास्तच सलतं. म्हटलं, नातीचे निदान तीन दिवस तरी मिळू देत.

तर नात आली. घरात सगळे तिला भिंगरी म्हणतात, पाय जमिनीवर ठरत नाहीत म्हणून. माझ्या घरात आली आणि खुंटीसारखी उभी! बूट घातलेले, पाठीवर दप्तर, दाराजवळच्या स्टुलावर बसली ती बसली. टोस्ट दिला, नको. अंडं उकडलं, नको. बटाटा कुस्करला, लोणी घातलं, वर मीठ भुरभुरवलं, नको! आदल्या संध्याकाळपासून पोटात फक्त कपभर दूध आणि दोन बिस्किटं, तीही माझी पाठ वळलेली असताना खाल्लेली. मी गुडघ्यावर बसून विचारलं, "मग काय हवं माझ्या बाईला?" तर माझ्याकडे नाही, भिंतीकडे बघून म्हणाली, "आई करते ती जेली. चौकोनी. हातात धरायची. हलली नाही पाहिजे."

एवढ्यात फोन. विहीणबाई! म्हणजे भिंगरीची दुसरी आजी, जावयाची आई. आवाज असा गोड की कानाला मुंग्या लागाव्यात. "अय्या, काहीच खाल्लं नाही? काही म्हणजे काहीच नाही? असू दे हो, तुम्ही अगदी मनाला लावून घेऊ नका. पुरुषमाणूस तुम्ही! संध्याकाळी सहाला येते आणि घेऊन जाते मी तिला." आणि फोन खाली. पोर उपाशी होती, बाईंचं काही चुकत नव्हतं. तेच तर जास्त झोंबलं! घड्याळात पाहिलं, सकाळचे साडेआठ. म्हटलं, सहाच्या आत जेली उभी राहते की नाही बघतोच. चाळीस वर्षं काँक्रीट ओतलंय मी!

शेजारच्या बाईंना पाच मिनिटं दारात बसवलं आणि पळालो दुकानात. "जिलेटिन द्या." "किती?" "एका पोत्याला पाणी किती लागतं?" दुकानदार चष्म्यावरून बघतो. "काका, पोतं नसतं हो याचं, पाकीट असतं. मागे सगळं लिहिलंय, वाचा." वाचा म्हणे! अहो, माल मुठीत धरून प्रमाण सांगणारा माणूस मी, मी पाकिटाची पाठ वाचू? चार पाकिटं घेतली, अननस घेतला, पिशवीभर संत्री घेतली, घरी आलो आणि पहिलं पाकीट सरळ उकळत्या पाण्यात ओतून डावाने घोटायला लागलो. गुठळ्या! अशा गुठळ्या की एकेक लावून खिडकीची काच चिकटवावी. ते गेलं मोरीत.

दुसरं पाकीट अननसात. त्याचं काय झालं ते सांगितलंच मघाशी. साडेबारा वाजले होते. हातात सरबताचा ट्रे, स्टुलावर उपाशी नात, आणि मी लावला दवाखान्यात हिला फोन. ही कुजबुजत, "काय हो, काय झालं?" म्हटलं, "अननस धरत नाहीये." "काय धरत नाहीये?" "अननस! जेली!" "अहो, कच्चा घातलात? कच्च्या अननसात जेली जन्मात धरत नाही! उकळून घ्यावा लागतो. संत्रं घ्या सरळ. आणि जिलेटिन आधी गार रसावर भुरभुरवायचं, पाच मिनिटं फुगू द्यायचं, मग कोमट करून विरघळवायचं, उकळायचं नाही... अहो, पण इथे तुमची मुलगी कळा देतेय आणि तुम्ही मला अननस विचारताय?" मागून मुलीचा आवाज, "आई, कोण आहे?" "कोणी नाही गं, तुझे बाबा." कोणी नाही! ऐकलंत?

पण बाईने सांगितलं ते बावनकशी. संत्री पिळली, गार रसावर जिलेटिन भुरभुरवलं, त्याला सुरकुत्या पडल्या, उरलेला रस कोमट केला, एकत्र केलं, पत्र्याच्या चौकोनी ट्रेमध्ये ओतलं. ट्रेला खालून टिचक्या मारल्या, कारण आत हवा राहिली की पोकळ्या राहतात, ते मला कोणी शिकवायला नको. फेस काढून टाकला. फ्रीजमध्ये पातळी बघून ठेवला, एका कोपऱ्याखाली पत्त्यांतलं पान दुमडून घातलं. आणि दोन-सव्वादोनला दार उघडून बोट लावलं... बोटाला काही लागलं नाही! वरचा थर धरला होता! तुम्हाला सांगतो, ऊर भरून आला.

आणि इथे घात झाला. अहो, सवय! चाळीस वर्षांची सवय! नवा स्लॅब वरून धरला की पहिलं काम काय? पाणी मारायचं! नाही मारलं तर भेगा पडतात, मुकादमाच्या आईबापाचा उद्धार होतो. माझ्या डोक्याला कोणी विचारलंच नाही. हात आपोआप गेला, नळाखाली मग धरला, आणि मी... मी त्या जेलीवर, चारी कोपऱ्यांना सारखं पोचेल असं बघून, व्यवस्थित, मगभर पाणी ओतलं!

पाठीमागून आवाज आला. बारीकसा. खुसखुस. वळून बघतो तर भिंगरी! स्टुलावरून उतरून स्वयंपाकघराच्या दारात उभी, दोन्ही हात तोंडावर. "तुम्ही जेलीला पाणी घातलंत?" "जेली काय झाड आहे?" आणि मग जी हसली, जी हसली... दप्तरासकट खाली बसली हो! मीही हसायला लागलो. तिला सांगितलं, बाळा, मी घरं बांधायचो, तिथे छताला पाणी घालावं लागतं. ती म्हणाली, "छप्पर प्यायचं?" म्हटलं, "हो, सात दिवस, पोटभर!" परत हसणं. तेवढ्या वेळात जेली बघितली तर वरचा थर बुळबुळीत, खाली अर्धं कच्चं, सगळा लगदा. अडीच वाजले होते.

"आता?" ती म्हणाली. "आता परत," मी म्हटलं. पण संत्री संपलेली. मग आम्ही दोघं निघालो दुकानात. आणि रस्ता ओलांडताना, तुम्हाला सांगतो, तिने माझं बोट धरलं. कापलेला अंगठा होता तो नेमका, ठणकत होता, पण मी हूं की चूं केलं नाही. काळी द्राक्षं घेतली, आणखी एक पाकीट घेतलं. आणि या वेळी पाकिटाची पाठ वाचली बरं का, दुकानात उभं राहून, दुकानदाराचा चष्मा मागून! "घट्ट हवी असल्यास दुप्पट घालावे." सकाळपासून लिहिलेलं होतं ते तिथे! सकाळपासून!

घरी येऊन द्राक्षं उकळली, गाळली, रस गार केला. भुरभुरवायचं काम तिचं. जीभ बाहेर काढून, चिमूट चिमूट, इतकं एकसारखं की माझ्या हाताखालच्या एकाही गवंड्याने कधी केलं नसेल. साडेतीनला ट्रे आत गेला. मग आमच्या छोट्या बाईंनी स्टूल उचललं, फ्रीजसमोर आणून ठेवलं, त्यावर बसल्या आणि मला दम भरला, "तुम्ही इकडे यायचं नाही. तुम्ही पाणी घालता." म्हटलं, बरं. बाहेर जाऊन बसलो. मधेच डोकावलो तर काय दिसलं? दप्तर खुंटीला अडकवलेलं. बूट काढलेले. एक इकडे, एक तिकडे. मी परत बाहेर येऊन बसलो आणि चांगला दोन मिनिटं रडलो. लाज कसली त्यात?

पावणेसहा. ट्रेचं बूड कोमट पाण्यात क्षणभर बुडवलं, म्हणजे आमच्या भाषेत सेंट्रिंगच्या फळ्या काढल्या, आणि लाकडी पाटावर उलटा केला. थप्प! जांभळी, चकचकीत, कडा सरळ! टेप काढला, कोपऱ्याला गुण्या लावला, अगदी काटकोन! सुरी गरम पाण्यात बुडवून दीड इंचाला दीड इंच असे तुकडे पाडले. ती म्हणाली, "हलते का बघा." मी म्हटलं, "असं नाही बघायचं. काँक्रीटचेसुद्धा ठोकळे पाडतात आणि त्यांना त्रास देऊन बघतात." तिला कल्पना पसंत पडली. स्टुलावर उभी राहिली, हात वर केला आणि एक तुकडा सोडला. टप्प... उडाला! फुटला नाही, उडाला, आणि टेबलाखाली गेला! मग दुसरा तोंडात. मग तिसरा. मग पाच. मग म्हणते कशी, "मघाचं अंडं आहे का?" अंडं खाल्लं, बटाटा खाल्ला, माझा टोस्ट खाल्ला!

ठीक सहाला बेल. विहीणबाई! हातात नातीचे कपडे भरायला पिशवी, चेहऱ्यावर दया. "कुठे आहे माझं उपाशी पिल्लू?" पिल्लू ढेकर देत आलं. "आजी, धर." विहीणबाईंनी तुकडा दोन बोटांत असा धरला, जसा काही मी तो रस्त्यावरून उचलून आणला होता. खाल्ला. थांबल्या. दुसरा घेतला. "अय्या, ही हातात राहते हो! माझी मेली चमच्यातून पळते!" तिसरा घेताना बसल्या. चौथ्याला चपला काढल्या. तेवढ्यात दवाखान्यातून फोन, मुलगी झाली, दोघी छान! मग काय विचारता, आम्ही तिघं स्वयंपाकघरात नाचलो. विहीणबाईसुद्धा! शेवटी त्या पिशवी उघडून म्हणाल्या, "चल गं भिंगरी, निघू या." आणि माझी नात माझ्या पायाला मिठी मारून म्हणाली, "मी नाही येणार. तूच राहा इथे, आजी. आम्ही तुला रोज करून देऊ."

जिंकलो! तुम्हाला सांगतो, पूल उघडला त्या दिवशी झाला नव्हता इतका आनंद झाला मला. विहीणबाईंनाही वाईट वाटलं नाही, उलट म्हणाल्या, "बरं बाई, राहते तीन दिवस."

तीन दिवस म्हणाल्या होत्या हो. आज सोळावा. दवाखान्यातून मुलगी आली, बाळ आलं, आमची ही आली, जावयाचं जहाज लागलं, तो आला, त्याने मुलीला नेलं, बाळाला नेलं, परवा भिंगरीसुद्धा आपलं दप्तर घेऊन आपल्या घरी गेली... आणि विहीणबाई? आत बसल्यात. माझ्या खुर्चीत. लिंबाची जेली लावलीय, ती धरायची वाट बघतायत.